बसऱ्याच्या भिंतीवरचे आकडे

भाद्रपद वद्य चतुर्दशीला पंचांगात ‘शस्त्रादिहत पितृश्राद्ध’ असे छापलेले असते. शस्त्राने मारल्या गेलेल्यांची ही तिथी. दुसऱ्या दिवशी सर्वपित्री अमावास्या. ज्याच्या मृत्यूचा दिवस घरच्यांना ठाऊक नाही, त्याला त्या दिवशी पाणी द्यायचे. नाशिकच्या रामकुंडावर या दोन दिवशी पहाटेपासून गर्दी असते. ज्याचा देहच हाती लागला नाही त्याच्यासाठी पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी देण्याचा पालाशविधी आहे. अकाली गेलेल्यांसाठी सुमारे तीस किलोमीटरवर त्र्यंबकेश्वरला नारायणबळी होतो. मारले गेलेले, दिवस न कळलेले, देह न सापडलेले, अशा तिघांचीही सोय या गोदाकाठाने शेकडो वर्षांपासून लावून ठेवली आहे. पिंड ठेवताना नाव आणि गोत्र उच्चारायचे असते. गोत्र माहीत नसेल तर काश्यप चालते. नाव मात्र घरच्यांनी सांगायचे.

म्हणूनच पंचवटीतल्या तीर्थोपाध्यांच्या घरी नामावळीच्या वह्या जपलेल्या असतात. कोणत्या गावचे, कोणत्या आडनावाचे, कोणाचा मुलगा, कोणाचा नातू, कधी आले, बरोबर कोण होते, सगळे ओळीने. फडक्यात गुंडाळलेल्या त्या वह्यांत पाच-सात पिढ्या सापडतात. दफ्तर, कारकून, खजिना यांपैकी काही हाताशी नसताना ही माणसे नावे टिकवू शकली.

एका साम्राज्याकडे हे सगळे होते. तरीही त्याच्यासाठी मेलेल्या हजारो हिंदी शिपायांची नावे त्याने दगडावर येऊ दिली नाहीत. त्यांत सातारा, रत्नागिरी, कोल्हापूर, पुणे, नगर, नाशिक या भागांतले मराठी शिपाई फार होते.

पहिल्या महायुद्धाचे नाव निघाले की फ्रान्समधले खंदक डोळ्यांपुढे येतात. महाराष्ट्रातल्या खेड्यांना ते युद्ध ‘बसरा’ म्हणून कळले. आजचा इराक म्हणजे तेव्हाचे मेसोपोटेमिया, तुर्की साम्राज्याचा भाग. त्याला लागून इराणच्या हद्दीत आबादानला तेलशुद्धीकरणाचा कारखाना होता आणि ज्या कंपनीचा तो होता तिचे निम्म्याहून अधिक भाग ब्रिटिश सरकारने १९१४ मध्येच विकत घेतले होते. कोळशावर चालणारे आरमार तेलावर येत होते. ते तेल राखायला सैन्य निघाले मुंबईहून. त्याचे नावच ‘सहावी पुणे डिव्हिजन’. ६ नोव्हेंबर १९१४ रोजी ते फावला उतरले आणि २२ नोव्हेंबरला बसरा हातात आले.

या डिव्हिजनच्या तीन ब्रिगेडींत तीन मराठा पलटणी होत्या : १०३ वी मराठा लाइट इन्फन्ट्री, ११० वी मराठा लाइट इन्फन्ट्री आणि ११७ वी मराठा. एप्रिल १९१५ मध्ये शैबाला तुर्कांना हरवल्यावर सेनापती निक्सन याची नजर बगदादवर गेली. तेल राखण्याचे काम तोवर झाले होते. पुढची चढाई हा मोठेपणाचा सोस होता, आणि त्यासाठी ना पुरेशा बोटी होत्या, ना गाड्या, ना औषधे. लंडन, सिमला आणि बसरा यांच्यात तारा फिरत राहिल्या आणि शेवटी डिव्हिजनचा प्रमुख मेजर जनरल टाउनशेंड याला पुढे जाण्याचा हुकूम मिळाला.

बगदादच्या अलीकडे टेसिफोन येथे २२ नोव्हेंबर १९१५ ला लढाई झाली. टाउनशेंडची साडेचार हजारांहून अधिक माणसे मेली किंवा जखमी झाली. जखमींना स्प्रिंग नसलेल्या खेचरगाड्यांतून नदीपर्यंत आणले. हाडे मोडलेली माणसे खड्ड्याखड्ड्याला किंचाळत होती. पुढे बोटींतून बसऱ्याला पोहोचायला काहींना दोन आठवडे लागले. बसऱ्याच्या धक्क्यावर मेजर कार्टर नावाचा डॉक्टर उभा होता. येणाऱ्या बोटीच्या कडेवरून दोरखंडासारखे काहीतरी लोंबताना त्याला दिसले. बोट जवळ आल्यावर कळले की ती माणसांची वाळलेली विष्ठा होती. जखमी जिथे पडले होते तिथेच त्यांचे सगळे होत होते. त्यांना उचलायला बोटीवर कोणी नव्हते. कार्टरने हे वर कळवले तेव्हा वरिष्ठांनी त्यालाच लुडबुड्या ठरवून दम दिला. पुढे चौकशी आयोगापुढे त्याची साक्ष झाली आणि हे सगळे छापून आले. नाहीतर तेही वाळूत पुरले गेले असते.

उरलेले सैन्य माघार घेत तिग्रिस नदीच्या वळणावर वसलेल्या कुत-अल-अमारा या गावात शिरले. डिसेंबरच्या सुरुवातीला तुर्कांनी वेढा घातला. तो १४७ दिवस चालला.

वेढ्यातला खरा कसोटीचा भाग अन्नाचा होता. धान्य संपत आले तसे घोडे आणि खेचरे मारून त्यांचे मांस वाटू लागले. गोऱ्या शिपायांनी ते खाल्ले. हिंदी शिपायांनी नाकारले. यात धर्म होताच. त्याहून मोठी भीती गावाची होती. परत गेल्यावर कोणी पंक्तीला बसवणार नाही, मुलीला स्थळ येणार नाही, भाऊबंद वाळीत टाकतील, हा हिशेब प्रत्येकाच्या मनात होता. हिंदुस्थानातल्या धर्मगुरूंकडून ‘खाण्यास हरकत नाही’ अशा तारा मागवल्या गेल्या, तरी बहुतेकांनी एप्रिल उजाडेपर्यंत तोंड लावले नाही. भाजी नाही, मांस नाही. हिरड्या सुजल्या, जुन्या जखमांची तोंडे पुन्हा उघडू लागली. स्कर्व्हीने शेकड्यांनी माणसे आडवी केली. शेवटच्या पंधरवड्यात विमानांतून पिठाची पोती टाकली. अन्न विमानातून टाकून वेढलेल्या सैन्याला जगवण्याचा जगातला हा पहिला मोठा प्रयत्न मानतात. त्यातली कित्येक पोती नदीत आणि तुर्कांच्या खंदकांत पडली. २४ एप्रिलच्या रात्री ‘जुलनार’ ही बोट रसद घेऊन निघाली, तीही तुर्कांनी अडवली. कुत सोडवण्यासाठी खालून येणाऱ्या सैन्याचे या चार महिन्यांत सुमारे तेवीस हजार लोक मेले वा जखमी झाले. त्या मदतीच्या फौजेतही १०५ वी मराठा पलटण होती. म्हणजे वेढ्याच्या आत मराठे, आणि वेढा फोडायला बाहेर लढत होते तेही मराठे.

पुढे टाउनशेंडने कुत लवकर पडल्याचा दोष हिंदी शिपायांच्या न खाण्यावर ठेवला. हा आरोप अन्यायाचा आहे. त्यांना तिथवर नेले कोणी, पुरेशा बोटींशिवाय पुढे ढकलले कोणी, हे प्रश्न त्या आरोपाने झाकले जातात. गावाला तोंड दाखवायचे म्हणून जो माणूस उपाशी राहतो, त्याला परत जायची आशा होती, एवढाच त्याचा अर्थ.

२९ एप्रिल १९१६ रोजी सुमारे तेरा हजार लोक शरण गेले. त्यांत लढणारे होते, तसेच स्वयंपाकी, पखालवाले, डोलीवाले, खेचरवालेही होते. टाउनशेंडला तुर्कांनी इस्तंबूलजवळच्या बेटावर बंगला दिला. शिपायांना चालवले. कुतजवळच्या शुमरानहून बगदाद, पुढे समाराहून मोसुल आणि तिथून रास-अल-ऐन या रेल्वेच्या टोकापर्यंत, वाळवंटातून शेकडो किलोमीटर. मे-जूनचे ऊन, पायात धड जोडे नाहीत, पाण्यासाठी अंगावरचे कपडे विकायचे. जो मागे पडला तो तिथेच राहिला. जे पोहोचले त्यांना बगदाद रेल्वेच्या कामावर जुंपले. कैदेत गेलेल्या हिंदी शिपाई आणि नोकरांपैकी सुमारे अडीच हजार मेले किंवा त्यांचा पत्ताच लागला नाही. गोऱ्या शिपायांत हे प्रमाण याहूनही भयंकर होते. सुमारे सव्वीसशेंपैकी सतराशेच्या वर गेले.

कुतच्या कैदेतून परतलेला बंगाल ॲम्ब्युलन्स कोरचा शिशिर सर्वाधिकारी याने टिपणे जपून ठेवली होती आणि १९५७ साली त्यांचे ‘अभि ले बगदाद’ हे पुस्तक झाले. तो शिकलेला होता. मराठा पलटणीतल्या बहुतेकांना सहीसुद्धा येत नव्हती. पत्र दुसऱ्याने लिहायचे, गावी दुसऱ्याने वाचायचे आणि मधे तपासणी करणाऱ्या अधिकाऱ्याने त्यातले काही खोडायचे. घरी पोहोचायचा तो शब्द एवढाच : बेपत्ता.

हा शब्द बाईच्या कपाळावर येऊन थांबतो. कुंकू ठेवायचे की पुसायचे? वटसावित्रीला वडाला फेरे घालायचे की घरात बसायचे? १८७२ च्या पुरावा कायद्यात सात वर्षे खबर नसेल तर माणूस मेला असे धरण्याची तरतूद होती. १९१६ साली बेपत्ता झालेल्याच्या बायकोला ही सात वर्षे १९२३ पर्यंत मोजायची होती.

या युद्धाचा एक धागा खुद्द नाशिकला येऊन भिडतो. शहरापासून जवळच देवळालीची छावणी. एकोणिसाव्या शतकापासून इथे गोऱ्या सैनिकांचा तळ होता. विलायतेची बोट मिळेपर्यंत ते इथे महिनोन्महिने पडून राहत. उष्मा, ताप आणि रिकामपण यांनी कित्येकांची डोकी फिरत. त्यावरून इंग्रजीत वेड लागलेल्याला ‘डूलॅली’ म्हणू लागले. तो शब्द आजही त्यांच्या शब्दकोशात आहे. १९१६ साली ३४ वे वेल्श जनरल हॉस्पिटल देवळालीत आले. बसऱ्याहून बोटीने मुंबई, मुंबईहून कसारा घाट चढून रेल्वेने देवळाली, असा आजारी आणि जखमी गोऱ्या सैनिकांचा प्रवास होता.

यातले जे इथे मेले त्यांचे पुढे काय झाले, हे पाहण्यासारखे आहे. भारत आणि पाकिस्तानातल्या ज्या दफनभूमींची निगा राखणे अशक्य झाले, तिथे पुरलेल्या अठराशेहून अधिक सैनिकांची नावे पुण्याजवळ खडकीच्या युद्धस्मारकावर एकेक करून कोरली आहेत. ते योग्यच झाले. कुठल्याशा छावणीत तापाने गेलेल्या पोराचे नाव त्याच्या आईला वाचता आले पाहिजे.

आता बसरा पाहू. मेसोपोटेमियात १९१४ ते १९२१ या काळात मेलेल्या आणि कबर नसलेल्या ४०,५०० हून अधिक माणसांसाठी तिथे स्मारक उभारले गेले. २७ मार्च १९२९ ला त्याचे उद्घाटन झाले. त्यावर ब्रिटिश शिपायांची नावे आली. हिंदी अधिकाऱ्यांची आली. साध्या हिंदी शिपायांच्या बाबतीत पलटणीचे नाव कोरून पुढे आकडा घातला : इतके शिपाई. नावे ठाऊक नव्हती म्हणावे तर तसेही नाही. नोंदवह्यांत ती होती. दगडावर आणली नाहीत, एवढेच.

टेसिफोन आणि कुतच्या मधल्या नदीकाठचा प्रदेश सोडून खाली यावे तर अमारा लागते. तिथे नदीच्या डाव्या तीरावर हिंदी सैन्याची दफनभूमी आहे. सुमारे पाच हजार माणसे तिथे आहेत. त्यांपैकी ओळख पटलेले फक्त नऊ, कारण दफनांची नीट नोंदच लष्कराने ठेवली नाही.

युद्धमृतांच्या स्मृती जपणाऱ्या कॉमनवेल्थ आयोगाने २०२१ साली स्वतःच्या इतिहासाची चौकशी करून अहवाल काढला. पहिल्या महायुद्धातले आशियाई आणि आफ्रिकी असे ४५ ते ५४ हजार मृत असमान रीतीने स्मरले गेले, आणि निदान १ लाख १६ हजार, कदाचित साडेतीन लाखांपर्यंत, नावाने किंवा अजिबातच स्मरले गेले नाहीत, असे त्यात कबूल केले आहे. ब्रिटिश संरक्षणमंत्र्याने त्यावर संसदेत माफी मागितली. शंभर वर्षे उशिराने का होईना, कबुली लेखी आली, हे महत्त्वाचे.

दिल्लीच्या इंडिया गेटवर सगळ्यांची नावे आहेत असे शाळेच्या सहलीत पोरांना सांगितले जाते. ते खरे नाही. पहिल्या महायुद्धात सुमारे ७४ हजार हिंदी सैनिक मेले. इंडिया गेटवर तेरा हजारांच्या वर नावे आहेत आणि ती प्रामुख्याने वायव्य सरहद्दीवर व १९१९ च्या अफगाण युद्धात पडलेल्यांची आहेत. २०१९ साली झालेल्या राष्ट्रीय युद्धस्मारकावर स्वातंत्र्यानंतरचे सैनिक आहेत. कुतला मेलेला १०३ व्या पलटणीचा साधा शिपाई बसऱ्याच्या आणि दिल्लीच्या या तीन भिंतींपैकी एकीवरही नावाने नाही.

आपल्याकडे त्याची आठवण का पुसली गेली, याचेही उत्तर द्यायला हवे. ज्या नाशिकमध्ये २१ डिसेंबर १९०९ रोजी अनंत कान्हेरेने विजयानंद नाट्यगृहात कलेक्टर जॅक्सनला गोळ्या घातल्या, त्याच भागातली पोरे सहा वर्षांनी जॅक्सनच्या राजासाठी तिग्रिसकाठी मरत होती. स्वातंत्र्यानंतर या दोन गोष्टी एका इतिहासात बसवणे अवघड गेले. खरे तर त्या काळच्या पुढाऱ्यांना ही गुंतागुंत कळत होती. १९१८ मध्ये टिळकांनी गांधीजींकडे पन्नास हजारांचा धनादेश पाठवला : हिंदी माणसांना सैन्यात अधिकाऱ्यांच्या जागा मिळतील असे वचन सरकारकडून आणा, मी महाराष्ट्रातून पाच हजार शिपाई देतो, न दिले तर ही रक्कम जप्त. गांधीजींनी तो परत केला. भरती व्हावी, पण मानाने, असा तो आग्रह होता. शेतकऱ्याच्या घरात मात्र हा वाद पोहोचला नव्हता. तिथे दुष्काळ होता, सावकार होता आणि महिन्याला रोख पगार होता. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गावातून त्या युद्धात ४६ जण गेले ते परत आलेच नाहीत. त्या गावाने स्मारक राखले, म्हणून आकडा आपल्याला ठाऊक आहे.

पलटणी मात्र मेल्या नाहीत. ११७ वीला ‘रॉयल’ किताब मिळाला. १०३ वी पुढे मराठा लाइट इन्फन्ट्रीची पहिली बटालियन झाली. सैन्यात तिला ‘जंगी पलटण’ म्हणतात. कुतनंतर एकाहत्तर वर्षांनी ही जंगी पलटण पुन्हा समुद्र ओलांडून एका वादग्रस्त युद्धात उतरली.

२९ जुलै १९८७ ला राजीव गांधी आणि जयवर्धने यांनी कोलंबोत करार केला. भारतीय शांतिसेना श्रीलंकेत गेली ती तमिळ वाघांची शस्त्रे खाली ठेवून घ्यायला. ऑक्टोबरमध्ये त्यांच्याशीच लढाई जुंपली. ‘ऑपरेशन पवन’ सुरू झाले. जाफना घेण्यासाठी निघालेल्या ९१ व्या ब्रिगेडमध्ये ५ मद्रास, ८ महार आणि १ मराठा होत्या. ज्या महारांची भरती इंग्रजांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बंद केली होती, त्यांची रेजिमेंट १९४१ साली बाबासाहेबांच्या प्रयत्नांना यश येऊन बेळगावात उभी राहिली. त्या रेजिमेंटच्या ८ व्या बटालियनचे मेजर रामस्वामी परमेश्वरन, मुंबईत वाढलेले आणि तिथल्या एसआयईएस कॉलेजातून पदवी घेतलेले, २५ नोव्हेंबर १९८७ च्या रात्री शोधमोहिमेवरून परतताना घातपाती हल्ल्यात सापडले. छातीत गोळी लागलेली असताना त्यांनी समोरच्याची रायफल हिसकावून त्यालाच टिपले आणि अखेरपर्यंत हुकूम देत राहिले. त्या मोहिमेतले एकमेव परमवीरचक्र त्यांना मिळाले.



ही लढाई सगळ्यांनाच नकोशी झाली. तमिळ जनतेला भारतीय सैन्य वैरी वाटू लागले. जाफनाच्या रुग्णालयात ऑक्टोबर १९८७ मध्ये भारतीय जवानांच्या गोळीबारात डॉक्टर आणि रुग्ण मारले गेले, ही जखमही त्यात आहे आणि ती झाकून शहिदांचा मान वाढत नाही. श्रीलंकेचे पुढचे अध्यक्ष प्रेमदासा यांनी तर भारतीयांविरुद्ध लढायला वाघांनाच शस्त्रे पुरवली. २४ मार्च १९९० ला शेवटची तुकडी त्रिंकोमालीहून निघाली. मद्रासच्या बंदरावर तिच्या स्वागताला तमिळनाडूचे मुख्यमंत्री गेले नाहीत. साडेअकराशेहून अधिक जवान गेले होते. पार्थिव गावी आणण्याची रीत कारगिलपासून रुळली. लंकेत पडलेल्या अनेकांच्या घरी अस्थी आणि ट्रंक आली. त्यांची नावे दगडावर कोरणारे स्मारक आधी श्रीलंकेने आपल्या राजधानीत उभारले. दिल्लीतली भिंत त्यानंतर झाली.

तरी ती झाली. १९८७ च्या जंगी पलटणीच्या जवानाचे नाव आज त्याच्या नातवाला बोटाने चाचपता येते. १९१६ च्या जवानाचे येत नाही.

हे काम अजून होऊ शकते. पंजाबमधून गेलेल्या तीन लाखांहून अधिक सैनिकांची नोंद असलेल्या वह्या लाहोरच्या संग्रहालयात होत्या. २०२१ पासून त्या गावाच्या नावावरून शोधता येतील अशा रीतीने संगणकावर खुल्या होऊ लागल्या. मराठी मुलखासाठी तसेच काम हाती घ्यायला हवे. जिल्हा सैनिक कल्याण कार्यालये, महाविद्यालयांचे इतिहास विभाग आणि देवळाली-नाशिकरोडला राहणारे निवृत्त सैनिक यांच्या आवाक्यातले ते आहे. सुरुवातीचा माल तयार आहे. कॉमनवेल्थ आयोगाच्या संकेतस्थळावर मृतांचा शोध घेता येतो. पलटणीचे नाव घातले की नोंदी निघतात, आणि पुष्कळ ठिकाणी पुढे बापाचे नाव, गाव, जिल्हा असतो. अडचण स्पेलिंगची आहे. ज्या कारकुनांनी खडकीचे किरकी केले त्यांनीच ही गावे लिहिली. लंडनमध्ये बसून ती ओळखता येणार नाहीत. सिन्नर, निफाड, चांदवड, येवल्याच्या माणसाला ती वाचताक्षणी कळतील.

घरात जुनी ट्रंक असेल तर ती उघडून पाहा. चांदीचे गोल पदक सापडले तर त्याच्या कडेवर बारीक अक्षरांत नंबर, हुद्दा, नाव आणि पलटण कोरलेली असते. वीतभराहून लहान काशाची तबकडी, त्यावर सिंहाशेजारी उभी बाई आणि चौकटीत एक नाव, असे काही असेल तर ते मोडीत घालू नका. मेलेल्याच्या घरी सरकारने ती पाठवली होती. गावच्या चावडीत किंवा शाळेच्या भिंतीत ‘या गावातून इतके गेले, इतके परत आले नाहीत’ अशी संगमरवरी पाटी असेल, तर त्या आकड्यामागची नावे म्हाताऱ्यांना विचारून वहीत उतरवा, आणि त्यातले एक तरी नाव आयोगाला कळवा. अमाऱ्याच्या डाव्या तीरावर पाच हजारांत नावाने ओळखू येणारे आजही नऊच आहेत.